सलीमभाईंच्या मशीनवर पडलेला आकडा

माहेर माझं मुकुंदवाडीचं. आम्ही बौद्ध माणसं, वडील बांधकामावर जायचे, पण घरात पोरींच्या शिक्षणाशिवाय दुसरी बातच नाय, म्हणून मी कॉम्प्युटरचा डिप्लोमा केला आन् इथल्या एका खाजगी कॉलेजात लॅब असिस्टंट लागले. पहिल्या दिवशी मी इतकी बावरलेली, काय सांगू तुम्हाला, डबा खायला कुठं बसावं तेबी कळंना. तवा सलीमभाईंनी हाक मारली. ते वाचनालयात पुस्तकं देण्याघेण्याच्या कामाला होते, कंत्राटावर, माझ्या वडलांच्या वयाचे. म्हणले, इधर बैठ बेटा, पंखा हाय इथं. त्या दिवसापासून आमचं जेवण संगंच.

पुढं नेटचं कामबी माझ्याकडं आलं. कोणतं मशीन किती नेट ओढतंय ते दाखवणारं एक सॉफ्टवेअर होतं. असलं सॉफ्टवेअर एकटं सगळं करत नाय बघा, त्याच्या हाताखाली लायब्ररी फायली असतात, डीएलएल म्हणतात, एक मोजती, एक कोणत्या मशीनचं ते सांगती. लायब्ररी म्हणजे सलीमभाईंची नव्हं, नुसतं नाव तसं. तर एकदा मी सॉफ्टवेअर नवं टाकलं आन् ते चालूच व्हईना, फाइल सापडत नाय म्हणायचं. मी जुन्या मशीनमधून त्याच नावाची फाइल पेनड्राइव्हवर आणली, टाकली, चालू झालं. नाव तेच हाय ना, मग झालं, असं वाटलं मला. तपासलं नाय. तपासायला पाहिजे होतं, लई पाहिजे होतं.

मग ऑनलाइन परीक्षा आली आन् ऐन पेपरात नेट बसलं. पोरं रडकुंडीला, पेपर सबमिट व्हईनात. प्राचार्य धावत आले, म्हणले, कोण खातंय नेट, दाखवा. मी स्क्रीन दाखवला, सगळा आकडा वाचनालयाच्या मशीनवर. म्हणले, पक्कं का? मी म्हणले, व्हय सर, सॉफ्टवेअर दाखवतंय. सलीमभाईंना बोलावलं. ते म्हणले, साहेब, मी सकाळपासून पुस्तकांना कव्हर घालतोय, मशीनला हातबी लावला नाय. मग माझ्याकडं बघितलं, म्हणले, बेटा, तू तो बोल. मी खाली बघितलं. त्याच आठवड्यात त्यांचं कंत्राट बंद झालं.

ते गेले आन् थोड्याच दिवसांत परत नेट बसलं. वाचनालयाला कुलूप, मशीनची वायर काढलेली, आन् आकडा त्याच मशीनवर! तवा कुठं मी ती फाइल तपासली. फाइल जुनी, सॉफ्टवेअर नवं, दोघांचं जुळतच नव्हतं. जे मशीन ओळखू येईना त्याचं सगळं ती यादीतल्या पहिल्या मशीनवर टाकायची, आन् यादीत पहिलं वाचनालय. खरं नेट खात होती माझी लॅब. चाळीस मशीनी एकदम अपडेट ओढत होत्या, आन् परीक्षेआधी ते अपडेट बंद ठेवायचं काम माझं होतं, माझंच.

सांगितलं का? नाय. नवरा तवा घरी बसलेला, पोरगी लहान, माझीबी नोकरी गेली तर, ही भीती. बरोबर फाइल टाकली, अपडेट बंद केलं आन् गप बसले. दोन वर्षं गप. शेवटी नवीन प्राचार्य आले त्यांना सगळं लिहून दिलं, तर ते म्हणले, मॅडम, जुनी गोष्ट हाय, कशाला उकरता, आन् कागद परत दिला.

मग तो कागद घेऊन पडेगावला गेले. सलीमभाई घरीच पुस्तकांच्या बायंडिंगची कामं करत होते. भाभींनी चहा दिला. सलीमभाईंनी चष्मा लावून कागद पुरा वाचला, मग म्हणले, फाइल चुकली, ठीक हाय, मशीनचं काय, चुकतं. पण नऊ वर्षं तू माझ्यासमोर बसून जेवली बेटा. तुला तर ठाऊक होतं ना, मी कसा हाय.



अजून जाते मी महिन्यातून एकदा. चांगले बोलतेत, माझ्या पोरीचं विचारतेत, तिला दुवा देतेत. माफ केलं असं मात्र कधी म्हणले नाय, आन् मीबी विचारत नाय. आता त्यांचे हात थरथरतेत, सुईत दोरा मी ओवून देते. तब्येत त्यांची बरी राहो, बस.