शेवटचा ‘नाही’

— काय बोलू म्हणतेस? काहीही? आवाज नीट येतोय का तेवढंच बघायचंय ना तुला — मग सकाळी काय खाल्लं ते सांगते, मागच्या वेळीही तेच सांगितलं होतं. लाव गं तो माइक, टोचला तर टोचला. तुमच्या डायरेक्टर बाई कुठायत? भाऊजींना आणायला खाली गेल्या? मग येतात सावकाश. गुडघे गेलेत भाऊजींचे, जिन्याला वेळ लागतो.

डॉक्युमेंटरी बघितलीस ना तू, सहा वर्षांपूर्वीची? कामावर मेलेल्या माणसांची? त्यात शेवटी मी खिडकीशी उभी आहे — “मी भाऊजींना माफ केलं” — आणि मग अंधार, मग तुम्हा लोकांची नावं. सगळ्यांनी बघितलीय. कोपऱ्यावरचा दुकानदार मला माफीवाल्या काकू म्हणतो. वजनात मारतो आणि वर हसतो मेला — तुम्ही काय काकू, माफच कराल!

तर ऐक. मी म्हटलं होतं, “मी भाऊजींना माफ केलं नाही.” केलं नाही! तुमच्या बाईंनी शेवटचा शब्द उडवला. आपल्याकडे ‘नाही’ शेवटी येतं ना, शेपूट छाटावं तसं छाटता येतं. आणि हे गेले ते तरी कसे? असेच. दोघे भाऊ लिफ्ट दुरुस्त करायचे — हे खाली खड्ड्यात, भाऊजी वर बटणापाशी. यांनी खालून ओरडून सांगितलं, “चालू करू नको!” भाऊजी म्हणतात, मला “चालू कर” एवढंच ऐकू आलं. मग ‘नको’ कुठे गेलं? कानाला फोन होता, त्यात गेलं. रस्त्यावरच्या वॉचमनला ऐकू आलं, सख्ख्या भावाला नाही. यांचं ‘नको’ त्यांनी खाल्लं, माझं ‘नाही’ तुमच्या बाईंनी.

मग तेव्हाच का नाही बोललात — हेच ना तुझ्या मनात? अगं, पहिल्यांदा दाखवली तेव्हा हॉल भरलेला. दिवे लागले, माणसं उभी राहिली, टाळ्याच टाळ्या. भाऊजींनी सगळ्यांसमोर माझे पाय धरले, हुंदके देऊन रडले. मी तोंड उघडणार होते. खरंच उघडणार होते. पण त्या टाळ्या — खोटं कशाला बोलू — बऱ्या वाटल्या. एवढ्या माणसांनी माझ्याकडे कधी बघितलंच नव्हतं. मी हात जोडले. झालं, तिथंच अडकले.

दुसऱ्या आठवड्यात भाऊजी बॅग घेऊन दारात. वहिनी, आता तुम्हाला मी सांभाळतो. माफ केलेल्या माणसाला जा कसं म्हणायचं? तेव्हापासून आहेत. दोन्ही वेळा समोर जेवायला बसतात, यांच्या खुर्चीवर. मीठ कमी असलं तरी बोलत नाहीत, भांडतसुद्धा नाहीत गं! भांडले असते तर निदान —

पण या वेळी तुम्ही पुन्हा तेच विचारायला येणार कळलं, तेव्हापासून मी हुशार झालेय. आठ दिवस ओट्याशी उभी राहून पाठ केलंय. ‘नाही’ आधी घालायचं. “नाही केलं मी माफ.” आता कापा म्हणावं! शेवटचा शब्द कापला तर — थांब हं — आणि पुढचा कापला तर... “केलं मी माफ”. अगं बाई! पुढून कापलं तरी तेच उरतं की गं. आठ दिवस घोकलं आणि हे ध्यानातच आलं नाही.

मग नुसतं ‘नाही’च म्हणते. एकच शब्द. त्यात कापणार काय?

काठी वाजली बघ. आले. पुसून टाक हं हे सगळं. तू तरी पुसशील ना? — या भाऊजी, सावकाश. इथं माझ्या शेजारी बसायचंय म्हणे. किती धाप लागलीय तुम्हाला! — हो बाई, विचारा. तयार आहे मी. आजही माफ केलंय असंच वाटतं का, म्हणता —

नाही.

नाही... म्हणजे — तसं नव्हे हो — भाऊजी, तुम्ही का उठताय — नाही म्हणजे, त्यात विचारायचं काय, असं म्हणत होते मी. केलंय ना माफ. केलंच आहे. बसा, भाऊजी. पाठीला उशी देऊ का?