मुलीला हजर करावे

मुलगी : डांबून ठेवलंय म्हणे मला! तुम्ही सही केलीत त्या अर्जावर, बाबा?

बाबा : वकिलांनी लिहिलं. माझ्याकडे चष्मा नव्हता.

मुलगी : जन्म चष्म्याच्या दुकानात काढलात, आणि सहीपुरता चष्मा नव्हता?

बाबा : ...वाचलं होतं मी.

मुलगी : भर दुपारी दारात पोलीस. सगळी आळी गोळा झाली. माझ्या नवऱ्याला दोन दिवस चौकीत बसवलं. लग्नाचा दाखला दाखवला, माझं वय सत्तावीस दाखवलं. त्यांनी फक्त त्याचा धर्म पाहिला.

बाबा : मारलं त्याला?

मुलगी : आत्ता विचारताय?

पोलीसबाई : हळू बोला. जजसाहेबांनी दहा मिनिटं दिलीत, भांडणात घालवू नका.

मुलगी : कशाला केलंत हे?

बाबा : तुझा फोन लागेना. सात महिने.

मुलगी : दादानं तुमच्याच फोनवरून शिव्या घातल्या. दिसलात तर दोघांचे पाय तोडीन म्हणाला. मग नंबर बदलला.

बाबा : माझ्या फोनवरून? मला कुणी बोललं नाही गं. चौकीत गेलो, तर म्हणाले, पोरगी सज्ञान आहे, घरी जा. मग वकील म्हणाले, ते हेबिअस का काय, ते टाकू. डांबलंय म्हटलं की कोर्ट माणूस समोर उभं करायला लावतं. पोटच्या पोरीचं तोंड बघायचं तर दुसरं काय करायचं होतं?

मुलगी : बेल वाजवायची आमची.

बाबा : आई म्हणाली, त्या घरात पाय ठेवलात तर या घरात ठेवू नका.

मुलगी : आणि कोर्ट चालतं तिला?

बाबा : इथं मी तुला परत न्यायला आलोय ना.

मुलगी : मी येणार नाही, बाबा.

बाबा : माहीत आहे मला.

(बाबा चष्मा काढून रुमालानं पुसतात.)

मुलगी : हात का कापतोय तुमचा?

बाबा : कापतो हल्ली. काचा बसवायचं काम दुसऱ्याकडे दिलंय. मी आपला गिऱ्हाइकांना अक्षरं वाचायला लावतो. तू बारीक झालीस. जेवतेस ना वेळेवर?

मुलगी : जेवते. त्याची आई समोर बसल्याशिवाय उठू देत नाही. बाबा, आत साहेब विचारतील. खरं सांगा. मग त्याच्यामागचा ससेमिरा सुटेल.

बाबा : सांगतो. पोरगी राजीखुशीनं राहते, म्हणतो. केस मागं घेतो.

मुलगी : आणि मग या एकदा. कुणाला न सांगता.

बाबा : दादा बाहेर बाकावर बसलाय. दुकानात सोडतो तोच, आणतो तोच. पाच मिनिटं उशीर झाला तर जाब द्यावा लागतो.

पोलीसबाई : चला, पुकारा झाला. ताई, तुम्ही आधी.

मुलगी : उठा, बाबा.

बाबा : थांब जरा. केस मागं घेतली, की पुन्हा तुला समोर उभं करायला सांगायचं कुणाला?