लेकीची कात्री

माझी लेक वर्षा माहितीपट बनवते. फिल्मची कापाकापीही तीच करते.

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या आखाड्यावर तिने फिल्म केली, तेव्हा मलाही कॅमेऱ्यापुढे बसवलं. मी इस्त्रीचा सदरा घालून कुस्तीवर चांगलं तासभर बोललो. मग पहिल्या खेळाला सगळा आखाडा घेऊन गेलो. म्हटलं, "आज मला पडद्यावर बघा."

फिल्म संपली. लाल माती दिसली, पोरं दिसली, दारातला चहावालाही दिसला. मी कुठेच नाही.

आखाड्यातला जयंतीभाई सगळ्यांसमोर ओरडला, "काका, तमे क्यां? चावाळो तो आवी गयो!"

घरी येताच मी वर्षाला विचारलं, "बापालाच कापलंस?"

"बाबा, तुम्ही भाषण ठोकलंत. फिल्म तिथेच अडत होती."

"म्हणून बापाला?"

"दादाच्या कुस्तीत पंच तुम्हीच होतात ना? त्याची पाठ मातीला लागली, तेव्हा मुलगा म्हणून सोडलंत?"

मी जेवायला बसलो.

सकाळी आखाड्यात जयंतीभाईने पुन्हा तोंड उघडलं. मी म्हटलं, "बापाला कापायला छाती लागते. तुझ्या घरात आहे कुणाची?"