पोस्टमनचा हात

परदेशात स्टॉप-मोशनचा कॅमेरा शिकलो, पण फिल्म बंगळुरातच करायची म्हणून हट्टाने परत आलो ना, त्याचं बक्षीस ऐका. राजाजीनगरच्या भाड्याच्या खोलीत माझा बाहुला पोस्टमन आठवडाभर केसभर केसभर हात वर नेत होता; दर केसाला मी एक फोटो घ्यायचा, म्हणजे फिल्ममध्ये हात आपोआप हललेला दिसतो. महिनाअखेरीस फिल्म पाठवायची होती. शेवटच्या फ्रेमआधी जेवून आलो, तर हात खाली!

घरमालकीण दारातच उभ्या.

“अक्का, हात कुणी खाली केला?”

“मीच. सोमवारपासून बिचारा तसाच उभा. दुखत नसेल?”

“अहो, अख्खा शॉट गेला! पहिल्यापासून करावा लागेल!”

“सरी, बरं, कर. पण या वेळी स्वल्प बसव त्याला.”

रागारागात येरझाऱ्या घातल्या. मग गुपचूप काडेपेटीचं स्टूल करायला बसलो.