नुईच्या पोटावरचा हात

मंडळी, एक विचारू? आपल्या माणसाला आपण मायेनं हात लावतो, तो त्याला कसा लागतो — ठाऊक आहे कुणाला? हं! माना डोलवू नका, उत्तर सोपं नाही.

ऐका तर. जपानात, डोंगरातल्या एका गावात किहाची नावाचा वैद्य होता. आता कीर्तनात जपान कुठून आलं, असं पुढचे काका बघताहेत! अहो, दुखणं काय पासपोर्ट काढून येतं? हा वैद्य काढा देत नसे. रोग्याला चटईवर निजवायचा, पोटावर तळवा ठेवायचा, बोटांनी दुखणं शोधायचा आणि तिथं दाबायचा. लांबून माणसं यायची, बरी होऊन जायची.

आणि त्याचीच बायको, नुई, अंथरुणाला खिळली. पोटात कळा यायच्या. किहाची रोज दाबायचा, ती रोज म्हणायची, बरं वाटतंय हो. पण हात टेकला की तिचं अंग आकसायचं! ते वैद्याला कळायचं, आणि तो आणखी जोर लावायचा. ही आपल्या हातून जाणार, ही धास्ती त्याला!

एका दुपारी तिचा डोळा लागला, तसा तो शेजारी आडवा झाला. स्वतःवरच करून बघू म्हणाला. पोटावर हात ठेवला आणि सवयीनं बोटांना विचारलं, काय सापडतंय? काही नाही! इथंच चुकत होता बिचारा. जन्मभर बोटांनी पोट ऐकलं, पोटाला कधी विचारलंच नव्हतं — बाबा, ही बोटं तुला कशी लागतात? आज विचारलं. अन् काय कळलं? हात गार. हात घाईत. हात — भ्यालेला! त्याचंच पोट त्या हाताखाली आकसलं. हा हात मी रोज हिच्यावर ठेवतो? डोळे भरून आले हो त्याचे.

मग तो तसाच पडून राहिला. तळव्याला ऊब येईपर्यंत पोट श्वासाबरोबर खालीवर होऊ दिलं. उठला, आणि तो हात नुईच्या पोटावर नुसता ठेवला. अंग आकसलं नाही. डोळे न उघडता ती म्हणाली, "आलात? इतके दिवस नुसता वैद्यच येत होता."

बरी झाली का, विचारताय? कळा काही लगेच थांबल्या नाहीत. पण तेव्हापासून ती त्याचा हात स्वतःहून ओढून घ्यायची.

आता तुम्ही घरी जाल. कुणाची आई पडून असेल, कुणाचं लेकरू तापानं फणफणलं असेल. जवळ जाण्याआधी आपला तळवा घटकाभर आपल्याच छातीवर ठेवा. गार लागला तर थांबा, तिथंच देवाचं नाव घ्या. आत्ताही घेऊ — टाळ खाली ठेवा, हळूच घ्या.