मामाच्या पत्रिकेचं तिकीट

मागं बसलेल्या आयाबायांनो, पुढं सरका, जागा आहे. ऐका मंडळी! आज एकच सवाल विचारतो, आणि आधीच सांगून ठेवतो, त्याचं उत्तर मला स्वतःला आवडत नाही. माणसानं माणसाला बोलवायचं, तर त्याला मोल किती पडतं? देवाला बोलवायला तुळशीचं पान पुरतं म्हणता ना? मग सख्ख्या मेव्हण्याला बोलवायला काय लागतं हो?

एका तालुक्याच्या गावी त्र्यंबकशेट उदावंत नावाचे सोनार होते. माणूस वाईट नव्हता बरं का! एकादशी धरायचे, भिकाऱ्याला रिकाम्या हातानं पाठवायचे नाहीत. पण खोड एकच – दिसली वस्तू की घाल तराजूत! बायको मथुबाई पोळी वाढायला आली तरी यांची नजर पोळीच्या काठावर! तर अशा या शेटजींच्या मुलीचं, शालनचं, लग्न ठरलं.

आता आपल्याकडची रीत काय? पहिली अक्षत गणपतीला. दुसरी कुलदैवताला. आणि मग? बोला की! – मामाला! बोहल्यावर मुलीला आणायचं मामानं, तिच्या पाठीशी उभं राहायचं मामानं. त्याच्या घरी जायचं, त्याला पाटावर बसवायचं आणि अक्षत हातात द्यायची.

पण इथंच घोडं पेंड खात होतं! मथुबाईचा थोरला भाऊ दिगंबर. घाटाखालच्या गावात त्याचं कापडाचं लहानसं दुकान. एका भाऊबीजेला बिचाऱ्यानं काटकसर करून बहिणीच्या तबकात अंगठी घातली. शेटजींनी काय केलं असेल? अंगठी उचलली, काट्यावर ठेवली, आणि पंगतीत सगळ्यांसमोर म्हणाले, "दिगंबरराव, गुंजभर कमी भरली हो!"

दिगंबर भरल्या ताटावरून उठला तो गेला. पुन्हा त्या घराची पायरी चढला नाही.

तर लग्न ठरल्यावर मथुबाई म्हणाली, "अहो, आपण दोघं जाऊ. दादाला अक्षत देऊन येऊ."

"मी? त्याच्या दारात? माझं चुकलं काय? कमी होती, कमी म्हटलं! पत्रिका पोस्टानं जाईल."

"मग मी एकटी जाते."

"लग्नघरातली बाई एकटी माहेरी गेली, तर लोक काय म्हणतील?"

झालं! लोक काय म्हणतील! या लोकांना मी आजवर शोधतोय, मंडळी. कुणाला भेटले तर माझ्याकडं पाठवा.

पत्रिका छापून आल्या. शेटजींनी दुकानातला काटा घरी आणला – सोन्याचा काटा! – आणि त्यावर पत्रिका ठेवली. शेजारी पोस्टाचे दर लिहिलेला कागद. छापील पत्रिका, पाकिटाचं तोंड उघडं ठेवून टाकली की तिकीट कमी लागायचं, पण वजन ठरलेल्या हद्दीत हवं. पत्रिका भरली केसभर जास्त! शेटजींनी कात्री घेतली. "थांब, कोपरे कापतो."

मथुबाई किंचाळली, "अहो, कोपरा कापलेलं पत्र मर्तिकाचं असतं!"

हसा, हसा. हसायचं तेवढं आत्ताच हसून घ्या, पुढं जागा नाही.

कात्री ठेवली, पाकीट बदललं. अगदी पातळ कागदाचं आणलं. आणि काटा उभा राहिला – बरोब्बर! शेटजी खूश. म्हणाले, "आता यावर माशी बसली तरी दर बदलेल!" सगळ्या पाकिटांना तेवढंच तिकीट लावलं. मेव्हण्याच्या पाकिटालाही तेवढंच.

दुपारी शेटजींचा डोळा लागला. मथुबाई त्या गठ्ठ्यापाशी बसली. भावाचं पाकीट काढलं. मनात म्हणाली, 'मला जाता येत नाही, माझी अक्षत तरी जाऊ दे.' हळद-कुंकवात भिजवून वाळवलेल्या अक्षता घेतल्या आणि मूठभर आत घातल्या. वाटेत सांडू नयेत म्हणून भाताच्या शितांनी तोंड चिकटवलं. पाकिटाला कपाळ लावलं, आणि गठ्ठ्यात परत ठेवलं.

कळलं ना, काय झालं? तोंड चिकटवलेलं, वर वजन जास्त! पोस्टानं शिक्का मारला – नॉटपेड. म्हणजे तिकीट जितकं कमी, त्याच्या दुप्पट पैसे घेणाऱ्यानं भरायचे. पोस्टाची काय चूक? पोस्टाला तांदूळ कळतात, अक्षता कळत नाहीत.

इकडं दिगंबरनं भाचीसाठी पिवळी साडी कधीच काढून ठेवली होती. बायकोला म्हणायचा, "पत्रिका नुसती येऊ दे, सगळं विसरतो. उडत जातो बघ!" रोज पोस्टमनच्या वाटेकडं डोळे.

आला पोस्टमन! दुकानात गिऱ्हाईकं बसलेली. "शेट, भाचीची पत्रिका आलीय. पण नॉटपेड आहे. वजन जास्त भरलंय, पैसे पडतील."

वजन! नेमका तोच शब्द! त्यात एक गिऱ्हाईक हसलं, "वा! मामाला आमंत्रण, तेही मामाच्याच खर्चानं!"

दिगंबरच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. "माझं कमी भरलं तेव्हा पंगतीत सांगितलं! आता त्याचं जास्त भरलं, ते मी भरू? सोन्याच्या काट्यावर मोजणारा माणूस तिकिटात चुकतो होय? मुद्दाम केलंय! ने परत!"

अरे बाबा, घे ना ते पाकीट! नुसतं दाबून तरी बघ – बोटांना तांदूळ लागतील, बहीण लागेल! पण नाही. मी गेली कित्येक वर्षं हे आख्यान सांगतोय, दरवेळी इथं ओरडतो. तो अजून एकदाही ऐकत नाही.

लग्नाचा दिवस. गुरुजींनी अंतरपाट धरला. "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं!" कुणी हललं नाही. पुन्हा हाक – "मामा आहेत का, मुलीचे मामा?" मथुबाईचे डोळे मांडवाच्या दाराला लागलेले. मुहूर्त थोडाच थांबतो? शेजारचा कुणी भला माणूस मामा होऊन उभा राहिला. मंगलाष्टकं झाली, वाजंत्री वाजली. आणि त्या गलक्यात एक बाई ओक्साबोक्शी रडत होती. लोकांना वाटलं, मुलगी सासरी चालली म्हणून!

मुलगी नांदायला गेली, मांडव उतरला, आणि मग पाकीट घरी परत आलं. वर लिहिलेलं – घेण्यास नकार. मथुबाईनं पाहिलं. शेटजींनीही पाहिलं. पाकीट हातात घेतलं, नुसत्या हातानं तोललं, आणि जन्मात पहिल्यांदा त्या माणसाला वजन सांगता येईना. एवढंच म्हणाले, "जा तू. एकटी जा."

आता लोक काही म्हणणार नव्हते, मंडळी! लग्न उरकलं होतं ना!

मथुबाई भावाच्या दारात उभी राहिली. पाकीट फोडलं, ओंजळीत अक्षता ओतल्या. "दादा, हे वजन त्यांचं नव्हतं रे! ही माझी मूठ होती!"

दिगंबर बघतच राहिला. उठला, आत गेला, पिवळी साडी घेऊन आला. घडी मोडलेली नव्हती. "शालीला दे," म्हणाला.

"दादा, ही बोहल्यावर चढताना नेसायची असते रे."

साडी तशीच हातात. मग बहिणीच्या ओंजळीकडं बघून म्हणाला, "मथे, लग्न लागून गेलं. आता ते नुसते तांदूळ. चिमण्यांना टाक."

पुढं काय झालं विचाराल. दोन्ही घरं बोलायला लागली, जाणं-येणं सुरू झालं. पण शालनचं लग्न काही पुन्हा लागलं नाही! देवाच्या घरी सगळ्याला क्षमा आहे म्हणतात. असेल. पण टळलेला मुहूर्त त्याच्याही घरी परत मिळत नाही.

आणि तुम्ही? 'बिचारी मथुबाई' म्हणून पदर डोळ्यांना लावताय? तुमच्याही घरी कार्य निघालंय. यादीत एक नाव असं आहेच, त्याच्यापाशी हात अडखळतो. 'त्याला पत्रिका पाठवून देऊ, आला तर आला.' अरे, जा ना उठून! कोण चुकलं, किती चुकलं, ते मोजू नका! पण मला ठाऊक आहे, तुम्ही जाणार नाही. प्रसाद घ्याल, घरी जाल, आणि काटा काढून बसाल.

टाळकरी, टाळ खाली ठेवा. आज गजर नको. ज्याला कुणाला ते नाव आठवलं असेल, त्यानं आरतीला थांबू नये. पांडुरंग समजून घेईल. शेवटची गाडी अजून गेली नाही.