अडचणीतली विक्री

(नवसारीचं जिल्हा न्यायालय. बाहेरच्या बाकावर दोघं साक्षीसाठी थांबलेली.)

किकुभाई : एवढंच म्हणायचं, भाभी. ‘माझ्या नवऱ्याचं, ठाकोरभाईंचं, ऑपरेशन होतं, हात अडला होता, मिळेल त्या भावात वाडी विकली.’ झालं.

डाहीबेन : आणि तेवढ्यासाठी सकाळी दारात रिक्षा? वर चहा-नाश्ता? वाडी घेतलीत तेव्हा तर आमच्याकडे पाणीसुद्धा प्यायला टेकला नव्हतात.

किकुभाई : आता तुम्ही साक्षीदार आहात.

डाहीबेन : म्हणूनच विचारते. चिकूची वाडी तुम्हाला दिली ती रेल्वे यायच्या आदल्या वर्षी. त्या जुन्या विक्रीपाशी गावाचं आज काय अडलंय?

किकुभाई : सगळंच. सरकारनं रेल्वेसाठी गावाच्या वाड्या घेतल्या, भाव लावला बिघ्याला चार लाख. जास्त मागायला आपण कोर्टात आलो. तर सरकारी वकिलानं आपलंच खरेदीखत पुढे केलं. म्हणे, बघा, हे लोक आपापसात चारनंच देतात-घेतात.

डाहीबेन : बरोबर बोलला. चारनंच दिली होती.

किकुभाई : हळू! म्हणून तर अडचण सांगायची. अडचणीतल्या विक्रीचा भाव कोर्ट धरत नाही. तुमचाही उरलेला तुकडा रेल्वेत गेलाय ना? त्याचेही वाढून मिळतील.

डाहीबेन : आणि ठाकोरभाईंच्या घरात चूल पेटत नव्हती असं गावभर होईल, त्याचं काय? ऑपरेशनचा खर्च माझ्या भावानं आपणहून केला. वाडी विकली ती राखायला माणूस मिळेना म्हणून. ह्यांनी जन्मात कुणापुढे हात पसरला नाही.

किकुभाई : अहो, पण चार लाखांत चिकूची वाडी देतं का कुणी? चार तर स्टँप ड्युटी वाचवायला लिहिले. सौदा अकराचा होता.

डाहीबेन : किती?

किकुभाई : काही नाही हो, निघून गेलं तोंडातून.

डाहीबेन : किती म्हणालात?

किकुभाई : अकरा. बिघ्याला. वरचे हातात दिले. आपल्याकडे रीतच आहे ती.

डाहीबेन : कुणाच्या हातात?

किकुभाई : ठाकोरभाईंच्या. आणखी कुणाच्या?

डाहीबेन : वरचा एक रुपया माझ्या घरात आला नाही.

किकुभाई : ते त्यांचं त्यांना ठाऊक.

डाहीबेन : आणि ते तर गेले. बरं जमलं तुमचं. देताना कोण होतं?

किकुभाई : असल्या पैशाला कुणी साक्षीदार ठेवतं? दार लावून दिले. त्यांनीच बजावलं, डाहीला कळू देऊ नका.

डाहीबेन : मला ते डाही म्हणत नसत. त्यांच्या मुलाची आई, म्हणून ‘दीपकची बा’ म्हणत.

किकुभाई : तसं म्हणाले असतील हो! मी आपलं माझ्या शब्दांत सांगतोय.

डाहीबेन : असतील?

किकुभाई : भाभी, नातवाच्या डोक्यावर हात ठेवून सांगतो, दिले.

डाहीबेन : नातवाला कशाला मध्ये आणता? आत जजसाहेबांना सांगा. अकराचा भाव होता हे कळलं तर गावाचं भलं होईल. माझंही डोकं ठिकाणावर येईल.

किकुभाई : आत कसं सांगू? उद्या इन्कम टॅक्सवाले दारात! आत लिहून घेतात, भाभी.

डाहीबेन : म्हणजे बाहेर नातवाची शपथ चालते, आत बोलायची हिंमत नाही.

किकुभाई : तुम्ही माझ्यावर संशय घेताय.

डाहीबेन : तुमच्यावर नको, तर ह्यांच्यावर घेऊ? चाळीस वर्षं संसार केलाय मी ह्यांच्याशी.

पट्टेवाला : डाहीबेन ठाकोरभाई देसाई, हाजिर हो!

किकुभाई : चला. लक्षात आहे ना? ऑपरेशन, अडचण.

डाहीबेन : अडचण नव्हतीच. तुम्ही आत्ता सांगितलंत तेच सांगणार. घेणारा स्वतः म्हणतोय, सौदा अकराचा होता. मग साहेब तुम्हालाच बोलावतील, वरचे कुणाला दिले ते विचारायला.

किकुभाई : मला बुडवाल! आणि मी त्यांचं नाव घेतलं तर? बायकोला न सांगता पैसे कुठे घातले, हे चारचौघांत येईल. ठाकोरभाईंची अब्रू जाईल, भाभी.

डाहीबेन : जाऊ दे. नाहीतर उद्या सकाळी त्यांच्या फोटोला हार घालताना मी मनात काय आणू?